तळहातावरचं दही

अनंत चतुर्दशी झाली की कमानींवरचा गणपती उतरतो आणि आठ दिवसांच्या आत त्याच बांबूंवर दिनूभाऊ चढतात. बांबू तेच, सुतळी तीच, फक्त कापड नवं. परवा परळच्या शाळेतून सुटून बसस्टॉपवर उभी होते, तर समोर सिग्नलच्या वर ते दोन्ही हात जोडून हसत होते. खाली लिहिलं होतं, ‘आपल्या चाळीतला, आपल्या रक्ताचा.’ रक्ताचा म्हणे! उजव्या कोपऱ्यात ताटलीएवढा एक गोल होता आणि त्या गोलात एक म्हातारी त्यांच्या तळहातावर चमच्याने दही घालत होती. म्हातारीचा चेहरा अर्धा कापला गेला होता. पण मनगटावरचं गोंदण शाबूत होतं, त्यावरून मी तिला ओळखलं. ती माझी आई आहे.

आलेली बस मी सोडून दिली. दुसरी आली तिच्यात चढले आणि मानखुर्दपर्यंत दात-ओठ खात उभ्याने आले. बसायला जागा होती, तरी बसले नाही.

कुणाला मोहराने जुने दिवस आठवतात, कुणाला थंडीने. मला मतदार यादीने आठवतात. मी पालिकेच्या शाळेत शिकवते. निवडणूक आली की आम्हा शिक्षकांच्या हातात याद्या येतात आणि आम्ही घरोघर फिरून कोण राहतं, कोण गेलं, कोण मेलं याच्या खुणा करत बसतो. या दिवसांत ऊन तापलेलं असतं, जिन्यांवर फिनेलचा वास असतो, आणि प्रत्येक दारात कुणीतरी विचारतं, “बाई, नाव आहे ना आमचं?” त्या प्रश्नाला मी दरवेळी यादीत डोकं घालूनच उत्तर देते. का, ते मी फार वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं.

घोडपदेवला आमची चाळ होती, हरबाची चाळ. पहिल्या मजल्यावर एकवीस नंबरच्या खोलीत आम्ही आणि चोवीस नंबरमध्ये दिन्या. होय, दिन्याच. पुढे तो दिनूदादा झाला, मग भाऊ झाला, आणि आता त्याच्या ऑफिसात ‘साहेब’ म्हटल्याशिवाय पंख्याखालची खुर्ची मिळत नाही. त्याची आई तो सहावीत असताना गेली. वडील माझ्या अप्पांबरोबर गिरणीत, त्यांच्या पाळ्या बदलत्या. त्यामुळे दिन्या आमच्याकडे जेवायचा. जेवायचा म्हणजे पाहुण्यासारखा नाही, हक्काने. आईने भाकरी थापली की पहिली त्याला, कारण त्याला दम धरवत नसे. मला त्याचा राग यायचा. मी लहान होते आणि पहिल्या भाकरीचा पापुद्रा मला हवा असायचा.

तो तसा वाईट मुलगा नव्हता, हे मला सांगावंच लागेल. राग आला म्हणून खोटं कशाला बोलू? चाळीत पाणी यायचं बंद झालं तेव्हा तो वॉर्ड ऑफिसच्या दारात दोन दिवस बसून राहिला. खालच्या मजल्यावरच्या आजी पडल्या तेव्हा खुर्चीत बसवून त्याने आणि अजून तिघांनी त्यांना रुग्णालयापर्यंत चालत नेलं. कुणाचं रेशनकार्ड असो, कुणाचा शाळेचा दाखला असो, दिन्या जायचा. चाळीने त्याला मोठा केला तो उगाच नाही.

आणि मग तो हंगाम आला. आजही डोळे मिटले की त्याचा वास येतो.

तो मैद्याच्या खळीचा वास. दिन्या पहिल्यांदा आमदारकीला उभा राहिला तेव्हा पोस्टर चिकटवायची खळ आमच्याच पातेल्यात शिजायची. आई ओरडायची, “रे मेल्यांनो, माझा दुधाचा पातेला गेला!” आणि स्वतःच पळीने ढवळायची, गुठळ्या होऊ नयेत म्हणून. गॅलरीभर ओले ब्रश, पिवळ्या कागदांचे गठ्ठे. नवरात्र उलटून गेलं होतं, उन्हाने पत्रे कडकड वाजायचे. मी तेव्हा अध्यापक विद्यालयात होते आणि माझं अक्षर चांगलं. म्हणून मतदारांच्या चिठ्ठ्या लिहायचं काम माझ्याकडे. नाव, यादीतला क्रमांक, केंद्र, खोली. हाताला घाम यायचा, शाई फुटायची. चारशे-पाचशे चिठ्ठ्या लिहिल्या असतील मी. भोईवाड्यातल्या, घोडपदेवच्या, कोकणातल्यांच्या, बौद्धवाडीतल्या भावकीच्या, सगळ्यांच्या. माणसांची नावं मी तेव्हा अशी जपून लिहीत होते, जणू काना-मात्रा चुकला तर माणूसच चुकेल.

अर्ज भरायला निघायच्या दिवशी सकाळी चाळीचा जिना माणसांनी भरला होता. खाली ढोल. दिन्या पांढरा सदरा घालून आमच्या दारात आला. आमच्या चाळीत कुणी मोठ्या कामाला निघालं, परीक्षेला, मुलाखतीला, ऑपरेशनला, तर एकवीस नंबरमध्ये येऊन आईच्या हातचं दही घेऊन जायचं, असा रिवाज होता. कधी सुरू झाला कुणाला ठाऊक नाही. आईचं दही घट्ट लागायचं आणि तिचा हात चांगला मानायचे. तिने दिन्याच्या तळहातावर चमचाभर दही घातलं, वर चिमूट साखर. त्याने ते खाल्लं, मग तळहात जिभेने चाटला, बोटांच्या बेचक्यातलंसुद्धा चाटलं. सगळे हसले. तो आईच्या पाया पडला आणि त्याचे डोळे भरले. ते खरे भरले होते, मी अगदी जवळ उभी होते.

“जिंकून ये झिला,” आई म्हणाली, “आनि आमका विसरा नको.”

“आई, तुला विसरलो तर हा हात झडेल माझा,” तो म्हणाला.

हात झडला नाही. उलट आता त्या हातात तीन अंगठ्या आहेत.

पहिली पाच वर्षं त्याने शब्द राखला, तेही सांगायला हवं. सभागृहात गिरणगावातल्या चाळींवर प्रश्न विचारला. त्याचं कात्रण आमच्या गॅलरीत काचेत घालून लावलं होतं. हिवाळी अधिवेशनाला नागपूरला गेला की येताना संत्र्यांच्या पेट्या आणायचा आणि स्वतः प्रत्येक खोलीत जाऊन द्यायचा. दर खोलीत माणशी एक. दोन दिवस अख्ख्या चाळीत संत्र्यांच्या सालींचा वास असायचा आणि अप्पा साल पिळून माझ्या डोळ्यांत रस उडवायचे. दुसऱ्या टर्मला संत्र्यांऐवजी बर्फीचे डबे आले, झाकणावर त्याचा फोटो, ते वाटायला ऑफिसची माणसं. तिसऱ्या टर्मला फोनवर शुभेच्छांचं चित्र आलं. मधल्या काळात त्याने पक्ष तीनदा बदलला. आई दरवेळी विचारायची, “ह्या खेपेक कसला चित्र दाबूचा?” आणि चित्र समजून घ्यायची. तिच्या लेखी उभा असायचा तो दिन्या, चित्राशी तिला कर्तव्य नव्हतं.

चाळ पाडायची ठरली ती तिसऱ्या टर्मच्या आधी. पुनर्विकास. चाळीच्या अंगणात सभा भरली, दिनूभाऊ खुर्चीवर न बसता मुद्दाम पायरीवर बसले. तीन वर्षांत सगळे परत येणार, प्रत्येकाला मोठी जागा, लिफ्ट, घरात संडास. तोवर मानखुर्दच्या बाजूला संक्रमण शिबिरात राहायचं. बायका रडायला लागल्या तेव्हा ते उठून उभे राहिले. “एक लक्षात ठेवा,” ते म्हणाले, “कुठेही राहा, पण मतदार यादीतलं नाव इथून हलवू नका. नाव हललं की खोली गेली. नाव इथं आहे तोवर कोणाचा बाप तुम्हाला बाहेर काढू शकत नाही.”

सगळ्यांनी माना डोलावल्या. मीही डोलावली. शिकलेली, याद्यांवर काम करणारी मी, माझ्या डोक्यात एकदाही आलं नाही की विचारावं, कुठल्या कायद्यात लिहिलंय हे? आमच्या माणसांचा कागदावर फार विश्वास. कागदात नाव आहे म्हणजे आपण आहोत, असं आम्हाला वाटतं.

टेम्पोतून जाताना आईने मांडीवर एकच वस्तू घेतली होती. विरजणाची वाटी, वर फडकं बांधलेलं. बाकी भांडी हिंदकळत होती, ती वाटी मात्र हलली नाही. आजही आमच्याकडे जे दही लागतं ते त्याच विरजणाचं आहे. चाळीतलं तेवढंच काय ते जिवंत राहिलं.

तीन वर्षांची अकरा झाली. शिबिराच्या इमारतीत पाणी दिवसाआड येतं. जिन्याला कठडा नाही, चौथ्या मजल्यावरून आई वर्षातून चारदा खाली उतरते. तक्रार घेऊन इथल्या लोकप्रतिनिधीच्या ऑफिसात गेलं की तिथला माणूस आधी संगणकात नाव शोधतो आणि मान हलवतो. “तुमचं मतदान इथं नाही ना बाई. तुमच्या आमदाराकडे जा.” आमच्या आमदाराकडे गेलं की तिथला माणूस म्हणतो, “तो एरिया आमच्याकडे येत नाही ना ताई.” अकरा वर्षं आम्ही या दोन वाक्यांच्या मध्ये राहतोय.

मतदानाच्या दिवशी मात्र सकाळी सातला गाडी हजर. एसी गाडी. पाण्याच्या बाटल्या, वडापाव, म्हाताऱ्यांसाठी खुर्ची. दिवसाआडचं पाणी चौथ्या मजल्यावर चढत नाही, पण मतदार चौथ्या मजल्यावरून खुर्चीत बसून बरोबर उतरतो. आम्ही सगळे हरबाच्या चाळीचे, नसलेल्या चाळीचे, घोडपदेवला जाऊन बोटाला शाई लावून यायचो. येताना गाडी चाळीच्या जागेभोवतीच्या पत्र्यांच्या कुंपणावरून जायची आणि गाडीतले सगळे मान वळवून बघायचे.

अप्पा दुसऱ्या वर्षीच गेले. शेवटपर्यंत खोलीची चावी जवळ ठेवली होती. दारच राहिलं नव्हतं, पण चावी होती. दिनूभाऊंनी पुष्पचक्र पाठवलं, त्याच्या फितीवर त्यांचं नाव अप्पांच्या नावापेक्षा मोठं होतं. आणि अप्पांचं यादीतलं नाव? ते मी काढलं नाही. लोकांच्या घरी जाऊन, दारात उभं राहून, “गेले का? कधी गेले? दाखला आहे का?” असं विचारत मी शेकडो नावांवर मयताची खूण केली आहे. माझ्या बापाचं नाव तेवढं ठेवलं. नाव हललं की खोली गेली, नाही का!

मग एका प्रशिक्षणात, चहाच्या सुट्टीत, मी तिथल्या अधिकाऱ्याला सहज विचारल्यासारखं केलं. “सर, यादीतल्या नावावरून जुन्या खोलीचा हक्क ठरतो का हो?” त्याने माझ्याकडे असं पाहिलं की मला माझ्या वर्गातली मुलं आठवली. “काय संबंध? तुमच्या भाडेपावत्या आणि करारनामा बघतात. आणि बाई, राहत नाही तिथे नाव ठेवणंच चूक आहे. तुम्हीच शिकवता ना हे लोकांना?” मी मान खाली घालून चहा संपवला. ही सहा वर्षांपूर्वीची गोष्ट.

सहा वर्षं मी हे आईला सांगितलं नाही. सांगितलं असतं तर तिच्याकडे उरलं काय असतं? तिला वाटायचं, आपलं नाव तिथे खोलीची राखण करत बसलंय. ती राखण मी मोडू शकले नाही. याला लोक माया म्हणतात. मी आता भित्रेपणा म्हणते.

आणि गेल्या मतदानाला जे पाहिलं तेही मी पोटात ठेवलं. माझं नाव शोधायला केंद्रावरच्या बाईंनी यादी उघडली. माझ्या नावाच्या वर अप्पांचं नाव. त्यावर मत दिल्याची रेघ मारलेली होती. लाल शाईची, पट्टीने मारल्यासारखी सरळ. म्हणजे माझे मेलेले अप्पा सकाळी येऊन मत देऊन गेले होते. बोटाला शाई लावून घेतली, मत दिलं आणि गाडीत येऊन बसले. वडापाव दिला तो घेतला. खाल्ला. याबद्दल मला भाऊंच्या माणसांचा राग येतो, त्याहून जास्त माझा येतो.

तर यंदाचं. फलक पाहिला त्याच्या तिसऱ्या दिवशी प्रकाश आला. प्रकाश म्हणजे भाऊंच्या ऑफिसातला माणूस, याद्या सांभाळणारा. चार मजले चढून धापा टाकत आला, हातात यादीचे कागद.

“ताई, चेक करून घेतलं. आईंचं आहे, तुझं आहे, अप्पांचं पण आहे. राहू दे, हां. हलवू नको.”

“अप्पा जाऊन नऊ वर्षं झाली, प्रकाश.”

“अगं माहितीये ना. पण कशाला छेडायचं? टेन्शन नको घेऊ, भाऊ बघतायत सगळं.” मग आईकडे वळून आवाज मऊ केला. “आई, रविवारी गाडी पाठवतो. तुमच्या हातचं दही पाहिजे भाऊंना. रील करायचीये. चाळीच्या जागेवरच.”

आईचा चेहरा असा उजळला की मी तोंडावर आलेलं गिळलं. “खोलयेचा कायतरी नक्की झाला काय रे?” तिने विचारलं.

“रविवारी भाऊंनाच विचारा ना तुम्ही,” प्रकाश म्हणाला आणि उतरला.

शनिवारी आईने दूध तीनदा उकळलं. विरजण लावताना कुणाला बोलू दिलं नाही. रविवारी गडद हिरवं नऊवारी नेसली, जे ती अप्पांच्या माघारी कधी नेसली नव्हती. स्टीलच्या डब्यात दही, डबा रुमालात, रुमाल मांडीवर. गाडीत मला म्हणाली, “ह्या खेपेक मी सरळ इचारतलंय. लाजाचा काय त्यात?”

चाळीच्या जागी पत्र्याचं कुंपण आहे. पत्र्यांवर टॉवरचं चित्र, चित्रात झाडं, पोहायचा तलाव आणि कुत्रा फिरवणारी एक बाई. पत्र्यांना एका ठिकाणी फट आहे. आईने डोळा लावून पाहिलं. आत खड्डा, खड्ड्यात हिरवं पाणी, आणि जिथे आमचा नळ होता तिथे उंबराचं झाड माझ्यापेक्षा उंच झालेलं. ती बराच वेळ पाहत होती. मी तिला ओढून आणलं.

दिनूभाऊ आले. पांढरा सदरा, तसाच. पाठीमागे दहा माणसं. आईच्या पाया पडले, तेही तसेच, फक्त गुडघा दुखतो म्हणून अर्धेच वाकले. शूटिंग करणारी एक मुलगी होती, हातात फोन आणि दुसऱ्या हातात दिवा. तिने आईला पत्र्यासमोर उभं केलं. आईने डबा उघडला, चमचाभर दही त्यांच्या तळहातावर घातलं. त्यांनी हात ओठांपर्यंत नेला, खाल्ल्यासारखं केलं. “कट,” मुलगी म्हणाली. आणि लगेच मागून एकाने पाण्याची बाटली पुढे केली. भाऊंनी हात धुतला. आईचं दही फुटपाथवर सांडलं आणि गटाराकडे वाहत गेलं.

“परत करू,” मुलगी म्हणाली. “दही दिसत नाहीये. खूप पातळ आहे.” गाडीच्या हिसक्यांनी दह्याला पाणी सुटलं होतं.

दुसऱ्यांदा केलं. पुन्हा बाटली, पुन्हा धुतलं. तिसऱ्यांदा प्रकाश समोरच्या दुकानातून दह्याचा प्लास्टिकचा कप घेऊन आला. “आई, हे घ्या. घट्ट आहे, पांढरंफेक दिसेल.” आई त्या कपाकडे पाहत राहिली. साऱ्या चाळीने ज्या हातचं दही घेऊन परीक्षा दिल्या, त्या हातात त्यांनी दुकानातला कप दिला. तिने डबा मिटला, रुमालात बांधला, माझ्याकडे दिला. मग कपातलं दही चमच्याने उचललं आणि चमचा तसाच हवेत धरून तिने विचारलं,

“झिला, आमची खोली कधी गावतली रे?”

भाऊंनी हात पुढे केलेलाच होता. हसू हललं नाही. “आई, बस, ही एक टर्म,” ते म्हणाले.

“मी तितकी र‍वतलंय काय?”

“कट, कट,” मुलगी म्हणाली. तिला कुणी काही सांगितलं नव्हतं, ती तिचं काम करत होती. “आजी, ते खोलीचं नका ना बोलू. फक्त आशीर्वाद द्या. परत एकदा घेऊ या.”

मी भाऊंकडे पाहिलं. मला वाटलं, आता तरी ते म्हणतील, असू दे गं, बोलू दे आईला. सहावीतला दिन्या कुठेतरी असेल आत, पहिली भाकरी खाणारा. त्यांनी मनगटावरचं घड्याळ पाहिलं आणि म्हणाले, “आई, लवकर करू या हं, पुढे वरळीला जायचंय.”

आईने केलं. चौथ्या वेळी तिने न बोलता दही घातलं, डोक्यावर हात ठेवला. मुलीने अंगठा दाखवला. बाटली पुढे आली, हात धुतला गेला. माझ्या तोंडात शिव्या आल्या होत्या, चाळीतल्या, मुलांसमोर कधी न काढलेल्या. मी त्या काढल्या नाहीत, कारण आईने माझं मनगट धरून ठेवलं होतं.

परतताना गाडीत तिने डबा पुन्हा मांडीवर घेतला. घरी आल्यावर नऊवारी घडी करून ठेवलं, डबा ओट्यावर ठेवला आणि पडून राहिली.

सोमवारी सकाळी मी शाळेसाठी निघत होते. यादीच्या कामाची पिशवी खांद्याला होती. ती ओट्याशी बसली होती, डबा समोर.

“तुझ्या त्या पिशवीत नाव हलवूचो फारम असता ना?”

मी पिशवी खाली ठेवली. असतो म्हटलं. आणि मग, त्याच दमात, सहा वर्षांचं सगळं सांगून टाकलं. नावाचा आणि खोलीचा संबंध नाही. कधीच नव्हता. अप्पांच्या भाडेपावत्या आहेत, त्या पुरेत. नाव तिथे ठेवून फक्त त्यांना मतं मिळाली. अप्पांच्या नावावरची रेघसुद्धा सांगितली.

ती बराच वेळ डब्याच्या झाकणावरून बोट फिरवत राहिली.

“तुका म्हायत होता?”

“होय.”

“सहा वर्सां?”

“होय, आई.”

“तो परको. तू तर माझ्या पोटची ना गो,” ती म्हणाली. आवाज चढवला नाही. तिने मला मारलं असतं तरी चाललं असतं. मी तिच्यासमोर खाली फरशीवर बसले.

थोड्या वेळाने तिनेच चष्मा मागितला. मी अर्ज काढला, दोघींचे दोन. जुना पत्ता लिहायची ओळ आली तेव्हा ती म्हणाली, “चांगल्या अक्षरात लिही, त्या चिठ्ठयो लिहायचंस तसा.” मी लिहिलं. खोली नंबर एकवीस, पहिला मजला, हरबाची चाळ, घोडपदेव. नव्या पत्त्याच्या ओळीत शिबिराचा गाळा क्रमांक लिहिला. तिने सही केली, पाच अक्षरांना पाच श्वास घेत.

“तेंचा काय?” तिने भिंतीवरच्या अप्पांच्या फोटोकडे पाहून विचारलं.

त्यांचा अर्ज वेगळा असतो, नाव कमी करायचा, मी म्हटलं. पिशवीत तोही होता. नेहमीच असायचा.

“तो पयलो भर,” ती म्हणाली. “नऊ वर्सां थय एकटेच उभे असत. दमले असतले.”

तो भरताना माझं अक्षर बिघडलं. तिने ते पाहिलं आणि तसंच राहू दिलं.

मी उठले तेव्हा तिने हात पुढे करायला सांगितलं. मला आधी समजलं नाही. तिने डबा उघडला आणि कालचं, परत आलेलं दही माझ्या तळहातावर चमचाभर घातलं, वर चिमूट साखर. आमच्या चाळीत मोठ्या कामाला निघालं की घालतात तसं.

दही एका दिवसात आंबट झालं होतं. मी जिन्यात उभी राहून ते खाल्लं, तळहात चाटला, बोटांच्या बेचक्या चाटल्या. तिन्ही अर्ज छातीशी धरले आणि कठडा नसलेल्या त्या जिन्यावरून हात न धुता खाली उतरले.